एच४४.४ चा क्लेम पुन्हा पुन्हा परत येतोय? चार्टमधलं ‘का’ शोधा

डोळ्यांच्या पेशंटचे चार्ट वाचून विम्याच्या क्लेमवर निदानाचे कोड टाकायचं काम नव्याने करायला लागलेल्या प्रत्येकाकडून हा प्रश्न एकदा तरी येतोच. ‘आयओपी (डोळ्यातला दाब) ४ आहे, डॉक्टरांनी हायपोटोनी (दाब फार कमी) लिहिलंय, मी एच४४.४ टाकला. मग क्लेम परत का आला?’ कोणीतरी शेवटी एक-दोन आकडे जोडून देतं आणि क्लेम जातो. पुढच्या महिन्यात दुसऱ्या पेशंटचा तसाच क्लेम परत येतो, आणि पुन्हा कोणीतरी आकडे जोडतं. माझ्याकडे ऑडिट आलं तेव्हा मी असे परत आलेले क्लेम एकत्र काढून वाचायला बसले. तेव्हा दिसलं की आकडे जोडणाऱ्यांपैकी बहुतेकांनी चार्ट पुन्हा उघडलाच नव्हता. सिस्टमने जो कोड स्वीकारला, तो त्यांनी ठेवून दिला होता.

खाली लिहिलेलं सगळं अमेरिकेतल्या क्लेमपुरतं, म्हणजे आयसीडी-१०-सीएम (निदानाच्या कोडची अमेरिकी यादी) वापरणाऱ्यांसाठी आहे.

क्लेम अडला कुठे, ते आधी बघा

क्लिअरिंगहाऊसमधून (क्लेम तपासून पुढे पाठवणाऱ्या मधल्या यंत्रणेतून) परत आलेला क्लेम आणि पेयरने, म्हणजे पैसे देणाऱ्या विमा कंपनीने किंवा योजनेने, डिनाय केलेला क्लेम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिला पेयरपर्यंत पोचलेलाच नसतो. तिथे बहुतेक वेळा कोडच अवैध असतो, अक्षरं कमी तरी असतात किंवा जास्त तरी. पेयरकडून आला असेल तर ईओबीवरचा (पेयरने पाठवलेल्या हिशेबाच्या कागदावरचा) कारणाचा कोड वाचा. सीओ-१६ च्या जोडीला एम७६ असेल, तर निदान अपूर्ण किंवा अवैध आहे. सीओ-१४६ म्हणजे त्या तारखेला तो निदानाचा कोड चालत नाही. सीओ-११ म्हणजे निदान आणि केलेलं काम यांचा मेळ नाही. सीओ-४ मॉडिफायरकडे (केलेल्या कामाच्या कोडला जोडलेल्या छोट्या खुणेकडे) बोट दाखवतो. आणि सीओ-९७ म्हणजे हे पैसे आधीच्या एखाद्या सेवेतच धरलेले आहेत. हायपोटोनीच्या क्लेममध्ये या शेवटच्या कोडशी गाठ बऱ्याचदा पडते, आणि तो आला की निदानाचा कोड बदलत बसण्यात काहीच अर्थ नसतो. त्याबद्दल पुढे लिहिते.

अक्षरं मोजा

एच४४.४ हे कुटुंबाचं नाव आहे. क्लेमवर ते एकटं चालत नाही. त्याखाली पाच शाखा आहेत:

एच४४.४० – हायपोटोनी, प्रकार सांगितलेला नाही
एच४४.४१ – अँटेरिअर चेंबर (कॉर्नियामागची पोकळी) सपाट झालेली हायपोटोनी
एच४४.४२ – ऑक्युलर फिस्टुलामुळे (डोळ्यातलं पाणी बाहेर जाणाऱ्या असामान्य वाटेमुळे) झालेली
एच४४.४३ – डोळ्याच्या इतर विकारांमुळे झालेली
एच४४.४४ – प्रायमरी हायपोटोनी

शेवटच्या चार शाखांना सहावं अक्षर लागतं: १ उजवा डोळा, २ डावा, ३ दोन्ही, ९ म्हणजे डोळा सांगितलेला नाही. म्हणजे उजव्या डोळ्याचं अँटेरिअर चेंबर सपाट असेल तर एच४४.४११, डाव्यात फिस्टुला असेल तर एच४४.४२२.

खरी गंमत पहिल्या शाखेत आहे. एच४४.४० ला सहावं अक्षर नाहीच. तो पाच अक्षरांवर पूर्ण होतो आणि त्यात डावं-उजवं नसतं. पण चारही भावंडांना बाजू आहे म्हटल्यावर कोडर सवयीने इथेही १ लावून एच४४.४०१ करतो. असा कोड अस्तित्वातच नाही. डोळा उजवा आहे हे चार्टमध्ये ठळक लिहिलेलं असलं, तरी एच४४.४० मध्ये ते मावत नाही. मावत नाही म्हटल्यावर खरं तर हात थांबायला हवा: डॉक्टरांनी बाजू एवढी स्पष्ट लिहिली आहे, मग प्रकारही कुठेतरी लिहिलेला असणार.

दुसरी चूक सातव्या अक्षराची. दिवसभर काचबिंदूचे चार्ट केले की हाताला सातव्या अक्षराची सवय लागते. उजव्या डोळ्याचा प्रायमरी ओपन अँगल काचबिंदू, तीव्र टप्पा, म्हणजे एच४०.१११३. त्यातला शेवटचा ३ टप्पा सांगतो. हायपोटोनीला टप्पे नाहीत, त्यामुळे सातवं अक्षर नाही आणि मधली रिकामी जागा भरायला एक्सही लागत नाही.

तिसरी चूक मला स्वतःला सापडायला वेळ लागला. एक मुलगी ठामपणे सांगत होती, ‘मॅडम, एच४४.४ वैध आहे, मी वेबसाइटवर बघितलंय.’ तिने खरंच बघितलं होतं, पण जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये. तिथे एच४४.४ चार अक्षरांवर संपतो. अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आणलेली आवृत्ती त्याच झाडाला आणखी फांद्या फोडते. सर्च इंजिन दोन्ही पानं शेजारी शेजारी दाखवतं. कोणत्या पानावर आहोत ते आधी बघायचं.

जुने चिट-शीटही एकदा तपासून टाका. आयसीडी-९ मध्ये हेच कुटुंब ३६०.३० ते ३६०.३४ असं होतं आणि तिथे बाजू नव्हती. शिवाय क्रमही वेगळा होता. सपाट चेंबर तिथे सगळ्यात शेवटी, ३६०.३४ वर. प्रायमरी दुसऱ्या जागेवर, ३६०.३१ वर. जुन्या यादीतला शेवटचा आकडा बघून नव्या यादीतली शाखा उचलली, की सपाट चेंबरच्या पेशंटला प्रायमरी हायपोटोनीचा कोड लागतो. कोड वैध असल्यामुळे क्लेम निघूनही जातो. अशी चूक डिनायलमध्ये कधी दिसत नाही, ऑडिटमध्ये दिसते.

सर्चबॉक्सने दिलेलं चुकीचं नाव

‘लो प्रेशर आय’ असं काहीतरी टाइप करून मिळेल ते उचलण्यात बरेच घोळ होतात. लो-टेन्शन ग्लॉकोमा, एच४०.१२- (शेवटची रेघ म्हणजे पुढे आणखी अक्षरं लागतात), हा काचबिंदू आहे. त्यात दाब नेहमीच्या पट्ट्यातच असतो आणि तरीही ऑप्टिक नर्व्हचं नुकसान होतं. तिथला दाब आणि हायपोटोनीचा दाब यांची तुलनाच नाही. आय९५ म्हणजे हायपोटेन्शन, रक्तदाब. पी९४.२ म्हणजे जन्मजात हायपोटोनिया, स्नायूंची शिथिलता, आणि तो नवजात बाळांच्या प्रकरणातला कोड आहे. सत्तरीतल्या पेशंटच्या डोळ्याच्या क्लेमवर तो आला की सॉफ्टवेअरचा वयाचा एडिट (आपोआप होणारी तपासणी) लगेच ओरडतो, आणि ओरडतो ते बरंच. उलट टोकाला एच४०.०५- आहे, ऑक्युलर हायपरटेन्शन, म्हणजे वाढलेला दाब. ‘हायपो’ आणि ‘हायपर’ यांची अदलाबदल डिक्टेशनमध्ये होते. त्यामुळे नोटमधलं निदान आणि टोनोमीटरचा (दाब मोजायच्या यंत्राचा) आकडा परस्परविरोधी दिसले, तर टायपिंगवर विश्वास ठेवू नका.

आकडा म्हणजे निदान नाही

डोळ्यातला दाब साधारण १० ते २१ मिमी पारा या पट्ट्यात असतो. हायपोटोनीसाठी दोन उंबरठे सांगितले जातात: आकडेवारीच्या हिशेबाने ६.५ च्या खाली, आणि दवाखान्यातल्या व्यवहारात बहुधा ५ किंवा त्याहून कमी. पण हे उंबरठे डॉक्टरांसाठी आहेत, कोडरसाठी नाहीत. टेक्निशियनने वर्क-अपमध्ये ‘१४/५’ (उजव्या/डाव्या डोळ्याचा दाब) लिहिलं आणि डॉक्टरांच्या असेसमेंटमध्ये (निदानाच्या भागात) हायपोटोनी हा शब्दच नसेल, तर आपल्याला एच४४.४- लावता येत नाही.

यामागे नियमाइतकंच वैद्यकीय कारणही आहे. गोल्डमन टोनोमीटर कॉर्निया सपाट करायला किती जोर लागतो त्यावरून दाब सांगतो, आणि त्याची मांडणी साधारण ५२० मायक्रॉन जाडीच्या कॉर्नियावर बेतलेली आहे. कॉर्निया पातळ असेल किंवा लेसिकमध्ये पातळ केलेला असेल, तर यंत्र खऱ्यापेक्षा कमी आकडा दाखवतं. काचबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर एखाद्या डोळ्यात ६ दाब असतो, दृष्टी चांगली असते, आणि डॉक्टर त्यावर खूश असतात. त्यांनी मुद्दाम मिळवलेला दाब आपण रोग म्हणून कोड केला, तर त्यांना तो चार्ट बघून काय वाटेल?

ओपीडीच्या नोटमध्ये ‘प्रॉबेबल’, ‘सस्पेक्टेड’, ‘रूल आउट हायपोटोनी’ असं असेल तरीही तो कोड लागत नाही. तिथे खात्रीने माहीत असलेलंच कोड करायचं. डिस्चार्जच्या वेळी अनिश्चित राहिलेलं निदान पक्कं धरायची मुभा इनपेशंटच्या बाजूला आहे, आणि ओपीडीतून इनपेशंटच्या कामावर गेलेले (किंवा उलट आलेले) कोडर नेमके इथेच गोंधळतात.

आता मुख्य गोष्ट: दाब कमी का झाला

एच४४.४० हाताला सोपा वाटतो, कारण तो लावायला काही वाचावं लागत नाही. पण माझ्या अनुभवात तो बहुतेक वेळा चार्ट अर्धवट वाचल्याची खूण असतो. डोळ्याचं काम थोडं समजून घेतलं तर पुढचं वाचन झरझर होतं.

डोळ्याच्या आत सिलिअरी बॉडी मिनिटाला साधारण अडीच मायक्रोलिटर पाणी तयार करते. ते पाणी पुढच्या कोपऱ्यातल्या जाळीतून बाहेर जातं. जितकं येतं तितकं जातं, म्हणून दाब टिकतो. दाब फार खाली गेला, तर घडलेलं दोनांपैकी एक असतं (कधी कधी दोन्ही): पाणी जास्त वाहून चाललंय, किंवा पाणी तयारच कमी होतंय. डॉक्टरांच्या नोटमध्ये याच दोन बाजूंचे धागे शोधायचे.

वाहून जाण्याच्या बाजूचे शब्द म्हणजे ‘सायडेल पॉझिटिव्ह’, ‘वुंड लीक’, ‘ब्लेब लीक’ (ब्लेब म्हणजे काचबिंदूच्या शस्त्रक्रियेने केलेला, पाणी साठणारा फुगवटा), ‘ओव्हरफिल्ट्रेशन’ (त्या वाटेने पाणी प्रमाणाबाहेर जाणं), ‘सायक्लोडायलिसिस क्लेफ्ट’ (सिलिअरी बॉडी सुटून पडलेली फट). सायडेल चाचणीत डोळ्यावर फ्लुरेसीन लावून निळ्या प्रकाशात बघतात. गळती असेल तिथे रंग पातळ होत ओघळताना दिसतो. चार्टमध्ये ‘सायडेल निगेटिव्ह’ असेल तर तेही महत्त्वाचं, कारण बाहेर गळती नाही आणि तरीही दाब खाली आहे, म्हणजे कारण दुसरीकडे असणार. कमी तयार होण्याच्या बाजूला युव्हिआयटिस (डोळ्याच्या आतल्या थराचा दाह), सिलिअरी बॉडीचं डिटॅचमेंट (जागेवरून सुटणं) किंवा तिच्यावर चढलेला पडदा, आणि रेटिनल डिटॅचमेंट (यात पाणी मागच्या बाजूनेही शोषलं जातं).

मग कोड कोणता? युव्हिआयटिसमुळे हायपोटोनी असं स्पष्ट लिहिलं असेल तर एच४४.४३-, आणि सोबत युव्हिआयटिसचा स्वतःचा कोड. एच४४.४३- च्या नावात ‘इतर ऑक्युलर विकारांमुळे’ असं आहे, पण कोणता विकार ते त्यात येत नाही. तो सांगायचं काम दुसऱ्या कोडचं. नुसता एच४४.४३१ पाठवलेला क्लेम अवैध नाही, पण अर्धवट गोष्ट सांगतो.

एच४४.४१- साठी ‘फ्लॅट’ हा शब्द लागतो. ‘शॅलो’ म्हणजे उथळ, सपाट नव्हे. डॉक्टर अशा चेंबरला ग्रेड देतात: पहिल्यात बुबुळाची कडा कॉर्नियाला टेकते, दुसऱ्यात बाहुलीच्या कडेपर्यंतचा भाग टेकतो, तिसऱ्यात लेन्सच कॉर्नियाला टेकते. ‘शॅलो, ग्रेड १’ वाचून सपाट चेंबरचा कोड लावायचा की नाही, हे मी स्वतः ठरवत नाही. विचारते. आणि चेंबर सपाट असूनही दाब जास्त असेल, तर तो हायपोटोनीचा विषयच नाही. तिथे ॲक्वियस मिसडायरेक्शनचा (पाणी चुकीच्या दिशेने मागे जाण्याचा) विचार होतो, त्याचं कुटुंब एच४०.८३-. चेंबर सपाट आहे एवढंच वाचून एच४४.४१- लावलेला एक चार्ट माझ्यासमोर आला होता, आणि त्यात दाब ३८ होता.

एच४४.४२- बद्दल टीममध्ये मतभेद होतात आणि होणारच. ट्रॅबेक्युलेक्टॉमीत, म्हणजे काचबिंदूच्या एका शस्त्रक्रियेत, डॉक्टर पाण्याला मुद्दाम नवा मार्ग करून देतात. मग त्यातून जास्त पाणी गेलं तर त्याला फिस्टुला म्हणायचं का? काहींच्या मते हो. माझं मत असं की, नोटमध्ये ‘फिस्टुला’ हा शब्द नसेल किंवा पाणी बाहेर जाणारी असामान्य वाट स्पष्ट लिहिलेली नसेल, तर तो शब्द आपण डॉक्टरांच्या तोंडी घालायचा नाही. ओव्हरफिल्ट्रेशन, जखमेतली गळती आणि फिस्टुला यांतला फरक डॉक्टरांनीच लिहून द्यायचा. त्या चार्टवर सही त्यांची असते.

आणि एच४४.४४-. इथली चूक वाचून आधी हसू येतं, पण ती नेहमी होते. ‘प्रायमरी हायपोटोनी’ यातल्या ‘प्रायमरी’चा अर्थ ‘या भेटीचं पहिलं निदान’ असा नाही. दुसरा कोणताही विकार जबाबदार नसताना हायपोटोनी स्वतःच आहे, असा त्याचा अर्थ. क्लेमवर हायपोटोनी पहिल्या क्रमांकावर आहे म्हणून प्रायमरी निवडणारे कोडर मी पाहिलेत. शस्त्रक्रियेनंतरच्या पेशंटला हा कोड दिसला की मी चार्ट थेट परत करते.

शस्त्रक्रियेनंतरची हायपोटोनी

हायपोटोनीचे बरेच चार्ट काचबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतरचे असतात, म्हणून इथे जरा थांबू.

शस्त्रक्रियेनंतर झालं म्हणून शस्त्रक्रियेमुळे झालं, असं आपण धरायचं नाही. कॉम्प्लिकेशनचा कोड लावायला डॉक्टरांच्या नोटमध्ये कारण आणि परिणामाचा संबंध हवा, आणि ती गोष्ट वैद्यकीयदृष्ट्या महत्त्वाची आहे असंही दिसायला हवं. नुसत्या ‘पोस्टऑप डे ५, आयओपी ४’ वर एच५९.८९ जोडणं चूक. ‘ट्रॅबेक्युलेक्टॉमीनंतर ओव्हरफिल्ट्रेशनमुळे हायपोटोनी, दृष्टी कमी झाली, रिव्हिजन करणार’ असं असेल तर चित्र वेगळं. ब्लेब आहे आणि त्याला काही झालेलं नाही, तर त्याच्या अस्तित्वासाठी झेड९८.८३ आहे. ब्लेबला जंतुसंसर्ग किंवा सूज असेल तर एच५९.४-, आणि तेव्हा झेड९८.८३ सोबत लावायचा नाही.

काचबिंदूचा कोड काढून टाकू नका. दाब ४ वर आला म्हणजे काचबिंदू गेला, असं होत नाही. डॉक्टर त्याचं मूल्यमापन करत असतील तर तो टप्प्यासकट लागतो.

आता सीओ-९७. ट्रॅबेक्युलेक्टॉमी, म्हणजे प्रोसिजरचा कोड ६६१७०, किंवा आधीच्या शस्त्रक्रियेचे व्रण असलेल्या डोळ्यावर ६६१७२, यांचा ग्लोबल कालावधी, म्हणजे नंतरची देखभाल शस्त्रक्रियेच्याच पैशात धरलेला काळ, ९० दिवसांचा असतो. त्या काळात हायपोटोनीसाठी पेशंट पाच वेळा आला, प्रेशर पॅच केलं, थेंब बदलले, तर मेडिकेअर (अमेरिकेचा सरकारी विमा) त्याचे वेगळे पैसे देत नाही. ऑपरेशन थिएटरमध्ये परत न्यावं लागलं तरच कॉम्प्लिकेशनच्या उपचाराचे पैसे मिळतात. उदाहरणार्थ ६६२५०, जखमेची दुरुस्ती, मॉडिफायर ७८ लावून. त्यामुळे ऑफिस व्हिजिट सीओ-९७ ने परत आली की एच४४.४११ चा एच४४.४३१ करून पुन्हा पाठवणं हा निव्वळ वेळेचा नाश. आधी शस्त्रक्रियेची तारीख बघा, दिवस मोजा. मेडिकेअर सोडून इतर पेयर ग्लोबल काळातल्या कॉम्प्लिकेशनबद्दल वेगळे नियम ठेवू शकतात, म्हणून करार वाचा.

मॉडिफायर ७८ आणि ७९ यांची अदलाबदलही इथेच होते. ७९ म्हणजे त्याच काळात, पण आधीच्या शस्त्रक्रियेशी संबंध नसलेलं काम. डाव्या डोळ्याची ट्रॅबेक्युलेक्टॉमी झाली आणि साठाव्या दिवशी उजव्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, तर ७९. डाव्याच ब्लेबची दुरुस्ती असेल तर ७८.

डावं, उजवं आणि कागदावरचं डावं

ओडी उजवा, ओएस डावा, ओयू दोन्ही. ‘१२/४’ असं लिहिलं असेल तर रूढीप्रमाणे आधी उजवा. पण स्लिट लॅम्पच्या चित्रात पेशंटचा उजवा डोळा कागदाच्या डाव्या बाजूला असतो, कारण डॉक्टर पेशंटच्या समोर बसून चित्र काढतात. स्कॅन केलेले हस्तलिखित चार्ट करणाऱ्यांनी हे कायम ध्यानात ठेवावं.

बाजू डॉक्टरांनी लिहिली नाही, पण टेक्निशियन किंवा इतर क्लिनिशियनच्या नोंदीत आहे, तर ती घ्यायची मुभा अधिकृत गाइडलाइन्स देतात. दोन नोंदी एकमेकींशी जुळत नसतील तर मात्र डॉक्टरांना विचारायचं. शेवटी ९ लावायची वेळ क्वचितच यावी. डोळा तपासला आहे, दाब मोजला आहे, आणि तरी कोणता डोळा ते माहीत नाही, हे पेयरला कसं पटेल?

दोन्ही डोळ्यांना हायपोटोनी आहे आणि आज फक्त उजव्यावर उपचार झाले, तरी आजचा कोड ३ नेच संपतो, कारण विकार अजून दोन्हीकडे आहे. पुढच्या भेटीत उजवा बरा झाला असेल आणि डाव्यावर काम असेल, तर फक्त डाव्याचा. कॉपी-फॉरवर्ड केलेल्या (मागच्या भेटीतून जशाच्या तशा उतरवलेल्या) नोट्समध्ये हे फार चुकतं. दाब १२ वर आलेला असतो, पण प्रॉब्लेम लिस्टमध्ये तीन भेटींपूर्वीची ‘हायपोटोनी ओयू’ तशीच लोंबकळत असते.

प्रोसिजरवरचा आरटी (उजवा) किंवा एलटी (डावा) मॉडिफायर आणि निदानाचं सहावं अक्षर यांची सांगड घाला. निदान उजव्याचं आणि मॉडिफायर एलटी असेल, तर सीओ-११ किंवा सीओ-४ ठरलेलाच.

इजेनंतर

मार लागून सायक्लोडायलिसिस क्लेफ्ट झालं आणि दाब पडला, तर इजेचा एस०५- कोड आणि हायपोटोनीचा कोड दोन्ही सोबत चालतात. आयसीडीच्या सातव्या, म्हणजे डोळ्यांच्या, प्रकरणाच्या सुरुवातीला इजांबद्दलची टीप एक्सक्लूड्स-२ (दोन्ही कोड सोबत चालतात) आहे, एक्सक्लूड्स-१ (सोबत चालत नाहीत) नाही. इथे मात्र एस०५ ला सातवं अक्षर लागतं: सक्रिय उपचार चालू असताना ए, नंतरच्या नेहमीच्या भेटींना डी. उजव्या डोळ्याला बोथट मार, पहिला उपचार, म्हणजे एस०५.११एक्सए. इजा जुनी आहे आणि तिचा मागे उरलेला परिणाम म्हणून हायपोटोनी राहिली आहे, तर आधी हायपोटोनीचा कोड आणि त्यानंतर शेवटी एस असलेला इजेचा कोड. हा क्रम उलटा लावलेले क्लेम मी बरेच पाहिलेत.

सोबतीला येणारे कोड

हायपोटोनीच्या चार्टमध्ये कोरॉइडल डिटॅचमेंट (डोळ्याच्या आतला रक्तवाहिन्यांचा थर सुटणं) लिहिलेलं असेल तर त्याचं कुटुंब एच३१.४-. सीरस (पाण्यासारख्या द्रवाचं) असेल तर एच३१.४२-, रक्ताचं असेल तर एच३१.४१-. कमी नेत्रदाबामुळे ऑप्टिक डिस्कला सूज आली असेल, तर एच४७.१२ हा नेमका त्यासाठीच ठेवलेला कोड आहे, आणि त्याला बाजू नाही. त्याच्या शेजारचा एच४७.११ कवटीतला दाब वाढल्यामुळे येणाऱ्या सुजेचा आहे. एका आकड्याने घसरलात तर पेयरला वाटेल की पेशंटच्या मेंदूत काहीतरी आहे. आणि डोळा आक्रसून निकामी झाला असेल, डॉक्टरांनी ‘थायसिस’ लिहिलं असेल, तर ते एच४४.५२-. दाब तिथेही कमीच असतो, पण निदान वेगळं आहे.

क्वेरी कशी टाकावी

डॉक्टरांना लेखी प्रश्न पाठवताना, म्हणजे क्वेरीत, ‘हायपोटोनी ड्यू टू फिस्टुला आहे का?’ असं विचारू नका. उत्तर हो किंवा नाही एवढंच येणार, आणि ऑडिटमध्ये प्रश्न उठणार की तुम्ही डॉक्टरांना उत्तर सुचवलंत. चार्टमध्ये जे दिसतं ते आधी मांडा: अमुक तारखेला डाव्या डोळ्याचा दाब ३, चेंबरबद्दल ‘व्हेरी शॅलो’, सायडेल पॉझिटिव्ह, असेसमेंटमध्ये फक्त ‘हायपोटोनी’. मग विचारा की या निष्कर्षांच्या आधारे हायपोटोनीचा प्रकार किंवा कारण स्पष्ट करता येईल का. पर्याय द्यायचे तर सगळे वैद्यकीयदृष्ट्या शक्य असलेले द्या, आणि ‘इतर’ व ‘ठरवता येत नाही’ हे दोन्ही ठेवा. पैसे किती मिळतील याचा उल्लेख क्वेरीत कुठेच नको.

‘ठरवता येत नाही’ असं उत्तर आलं, तर एच४४.४० लावायला काही हरकत नाही. त्याच कामासाठी तो कोड आहे.

पुन्हा पाठवताना

सीएमएस-१५०० (क्लेमचा फॉर्म) च्या रकाना २१ मध्ये आयसीडीचा निर्देशक ० आहे ना, ते बघा. कोडमधला दशांशचिन्हाचा ठिपका तिथे टाकायचा नाही. एकूण १२ निदानं मावतात, पण प्रत्येक सेवेच्या ओळीवर, रकाना २४-ई मध्ये, जास्तीत जास्त चारांकडे बोट दाखवता येतं. ६६२५० च्या ओळीने काचबिंदूकडे बोट दाखवलं आणि हायपोटोनी ‘डी’ वर पडून राहिली, तर सीओ-११ येण्यात नवल नाही. कोड सेवेच्या तारखेचा हवा. नवी यादी दरवर्षी १ ऑक्टोबरला लागू होते, त्यामुळे सप्टेंबरची भेट ऑक्टोबरमध्ये कोड करत असाल तर सप्टेंबरची यादी उघडा.

मेडिकेअरकडून सीओ-१६ सोबत एमए१३० आला असेल तर अपील लिहू नका. त्या क्लेमवर प्रक्रिया झालेलीच नाही आणि अपीलचा हक्कही नाही. दुरुस्त करून नवा क्लेम पाठवायचा, सेवेच्या तारखेपासून वर्षाच्या आत. प्रक्रिया होऊन डिनाय झाला आणि चूक निव्वळ लिहिण्याची असेल, जसं १ च्या जागी २, तर क्लेरिकल एररसाठी रीओपनिंग (क्लेम पुन्हा उघडून दुरुस्ती) मागा. कागद तुमच्या बाजूने असून पेयर ऐकत नसेल, तरच रीडिटरमिनेशन, म्हणजे अपीलची पहिली पायरी. निर्णयाची नोटीस मिळाल्यापासून १२० दिवस असतात, आणि डॉक्टरांनी क्वेरीला दिलेलं उत्तर त्या पाकिटात सगळ्यात वर लावा.